तिनाचा सहा

ठोसर मास्तरांवर लिहा, असे मला आजवर चार वेळा सांगण्यात आले. चारही वेळा मी कारणे दिली. दोनदा डोळ्यांचे, एकदा मुलीच्या बाळंतपणाचे आणि एकदा गुडघ्याचे. गुडघ्याने कोणी लिहीत नाही, हे शाळेच्या अंकाच्या संपादकांना कळले असणार, पण माझ्या वयाकडे बघून ते काही बोलले नाहीत.

गेल्या महिन्यात शाळेत माजी विद्यार्थ्यांचा मेळावा झाला. सत्तरी ओलांडलेला एक विद्यार्थी व्यासपीठावर उभा राहिला आणि त्याने ठोसरांच्या चिंबोरीवरच्या चित्रपटाची गोष्ट रंगवून सांगितली. शेवटी म्हणाला, "मास्तरांची सगळी मेहनत बाईंनी उलटसुलट लावून ठेवली, आणि पनवेलच्या माणसाची मुंबई हुकली!" सभागृह हसले. मी पहिल्या रांगेत होतो. मीही हसलो. घरी आल्यावर मात्र मी कागद पुढ्यात घेतला.

ती चूक ठोसरबाईंची, म्हणजे वहिनींची, नव्हती, माझी होती. एवढे लिहायला मला साठ वर्षे लागली. ठोसर नाहीत, वहिनी नाहीत. बाकीचे आता सावकाश सांगतो, कारण ठोसर हा घाईत सांगायचा माणूस नव्हे.

मी गणित शिकवायला पनवेलच्या शाळेत आलो, तेव्हा ठोसर तिथे चित्रकलेचे मास्तर होते. चाळिशीचे, किडकिडीत, कोटाच्या दोन्ही खिशांत पेन्सिली. पहिल्याच दिवशी शिक्षकांच्या खोलीत मी दारातून माझ्या खुर्चीपर्यंत गेलो, तर ते माझ्याकडे टक लावून बघत होते. मी बसल्यावर म्हणाले, "आठ."

"काय आठ?"

"आठ चित्रं लागतील तुम्हाला. डावा पाय जरा ओढता तुम्ही, नाहीतर सहांत भागलं असतं."

जगातली प्रत्येक हालचाल ते चित्रांत मोजत. शिंक नऊ चित्रांची. कोळणीच्या डोक्यावरची पाटी उतरवायची तर चौदा. आमचे हेडमास्तर त्यांच्या हिशेबी दोन चित्रांत आटोपत, एक उभे आणि एक बसलेले. "मधे काही होतच नाही त्यांच्यात," ठोसर म्हणत. एकदा आम्ही कोणाच्या तरी तेराव्याला गेलो होतो. गुरुजी पळीने पाणी सोडत होते आणि ठोसर ओठातल्या ओठात काहीतरी पुटपुटत होते. घरच्या लोकांना वाटले, मास्तरांना मंत्र येतात. बाहेर आल्यावर मला म्हणाले, "थेंब पडताना शेवटी लांबुळका होतो बघा. पाच चित्रं."

मला ते 'गणितराव' म्हणत. मी त्यांना ठोसर म्हणे. वहिनी मला भावोजी म्हणत आणि माझ्यासमोर नवऱ्याला 'हे' म्हणत, पण आत स्वयंपाकघरातून हाक मारायची वेळ आली की 'अहो शेपटी' म्हणत. त्याचे कारण असे.

शाळेत येण्यापूर्वी ठोसरांनी बरेच उद्योग केले होते. तंबू सिनेमासाठी काचेवर पाट्या रंगवल्या होत्या. 'पायाजवळ थुंकू नये', 'लहान मुलांस मांडीवर घ्यावे', 'रीळ तुटले आहे, ओरडू नये'. यातली तिसरी पाटी सगळ्यात जास्त वेळा लागे, आणि तिला टाळ्या पडत. नाटकमंडळींचे पडदे रंगवले होते. मग मुंबईला, हलती चित्रे काढणाऱ्या एका स्टुडिओत ते नोकरीला लागले. तिथे एकेका माणसाला एकेक अवयव वाटून दिलेला असे. ठोसरांच्या वाट्याला उंदराची शेपटी आली.

"तीन वर्षं, गणितराव," ते सांगत, "तीन वर्षं मी नुसती शेपटी काढली. उंदीर कुठे चाललाय, का चाललाय, मला पत्ता नाही. त्याचं लग्न झालं म्हणे शेवटी. मला बाहेरून कळलं."

या नोकरीचा परिणाम त्यांच्या अक्षरावर झाला होता. शब्दाच्या शेवटी कुठेतरी एक झोकदार फराटा येई. आकडे काढताना चाराला आणि शून्याला शेपूट फुटे, आणि ते शेपूट वर वळून तीनदा हले असे वाटे. हे शेपूट लक्षात ठेवावे. पुढे लागणार आहे.

स्टुडिओ बंद पडल्यावर त्यांना एका सरकारी खात्याकडून हिवतापावर चित्रपट काढायचे काम मिळाले. खलनायक डास. ठोसरांनी डास इतक्या मायेने काढला की त्याला झोप येई, तो जांभई देई, मच्छरदाणीत अडकल्यावर केविलवाणा हात जोडी. गावोगाव चित्रपट दाखवला. शेवटी फवारा आला की पोरे ओरडत, "पळ रे, पळ!" एका गावात म्हणे बायकांनी डोळे पुसले. खात्याने ठोसरांचे आभार मानले आणि पुन्हा बोलावले नाही. "डासाची बाजू मांडणारा एक तरी वकील नको का?" असे ठोसरांचे म्हणणे. त्यानंतर ते पनवेलला आले आणि आमच्या शाळेत पोरांना मोसंबे, लोटा आणि घडवंची शिकवू लागले.

पण हात शिवशिवत. एका फोटोग्राफरने टाकून दिलेला छोटा कॅमेरा त्यांनी मिळवला होता. त्याचा डोळा चांगला होता, पाय मोडका होता. त्या कॅमेऱ्याने ते घरातल्या माणसांचे चित्रपट काढत. "कुटुंबानं काढलेला, कुटुंबानं बघितलेला आणि कुटुंबानं नावं ठेवलेला, तो कौटुंबिक चित्रपट," अशी त्यांची व्याख्या होती. एका चित्रपटात त्यांनी सासूबाईंना राक्षसीण केले. सासूबाई सोवळ्यातल्या. त्यांनी अट घातली, दात लावणार नाही. ठोसर म्हणाले, "नकोच. तुम्ही फक्त मी पहिल्यांदा मागणी घालायला आलो तेव्हा बघितलंत तसं बघा." वडाळे तळ्याच्या काठी हे चित्रण झाले. तळ्यावर धुणे धुणाऱ्या दोघीजणी धुणे टाकून पळाल्या आणि सासूबाई एवढ्या खूश झाल्या की पुढचे आठ दिवस घरात कोणी त्यांचा शब्द मोडला की त्या तसेच बघत.

या सगळ्यात वहिनींचे काम कोणाला दिसत नसे. ठोसर पेन्सिलीने काढत, पण त्यांची रेघ थरथरे. तीन वर्षे शेपटी काढून हात सरळ जायचेच विसरला होता. त्यावर शाईची रेघ वहिनी मारत. दुपारची भांडी आवरली की पदर खोचून पाटावर बसत आणि बोरूने एका दमात रेघ ओढत. रांगोळीचा हात होता तो. ठोसर स्वतःच सांगत, "मी सांगतो चिंबोरी कुठं जाणार. पण ती चालते हिच्या पायांनी."

आता चिंबोरीकडे येतो. खाडीच्या चिखलातल्या खेकड्याला आमच्याकडे चिंबोरी म्हणतात. ठोसरांच्या डोक्यात एक गोष्ट बरीच वर्षे होती. एका चिंबोरीला मुंबई बघायची असते. ती उजव्या नांगीत छत्री धरून चिखलातून उरणजवळच्या मोऱ्याच्या धक्क्यावर येते, लाँचमध्ये बसते, मुंबईला उतरते. तिथे सगळी माणसे सरळ चालतात. तीही सरळ चालायला शिकते. परत येते तर आई तिला ओळखत नाही. मग ती चार पावले तिरकी टाकते, आणि आई तिला पोटाशी घेते. संपली गोष्ट. ठोसर ही गोष्ट सांगताना शेवटची चार पावले स्वतः टाकून दाखवत, भर बाजारात, छत्रीसकट.

चालीचा अभ्यास हवा म्हणून त्यांनी चांगुणाबायला सांगून जिवंत चिंबोरी मागवली. चांगुणाबाय उरणकडची कोळीण, आठवड्यातून दोनदा आमच्या आळीत मासळी घेऊन येई. तिने चिंबोरी सुतळीने बांधून दिली. दोन दिवसांनी आली तर ठोसर अजून चिंबोरीसमोर उकिडवे बसलेले.

"मास्तर, दोन दिस झालं बगताव तिच्याकडं. आता कालवन कराचं हाय का लगीन?"

ठोसरांनी तिला कागद दाखवले. तिने पाटी उतरवली (चौदा चित्रे) आणि नाक मुरडले. "अशी नाय चालत ती. तुमी तिला मास्तरासारी चालवली. आमी जल्मापासून बगतो. ती आदी बाजूचा पाय टाकते नि मंग डोला फिरवते. कुटं चाललो ते तिला मागून कलतं."

ठोसरांनी सगळे कागद फाडले आणि पहिल्यापासून सुरुवात केली. चांगुणाबायला त्यांनी गुरू मानले. ती मात्र शेवटपर्यंत मानत राहिली की मास्तरांना डोक्याचा काहीतरी आजार आहे आणि चिंबोरीचा रस्सा दिला तर बरे होतील.

तीच चिंबोरी एक दिवस त्यांनी शाळेत आणली. टेबलाच्या खणात ठेवली होती. सुतळी सुटली. शिक्षकांच्या खोलीत हेडमास्तर उभे राहून आम्हाला वेळेवर येण्याबद्दल सांगत असताना ती त्यांच्या धोतराच्या सोग्याला लागली. हेडमास्तर खुर्चीवर चढले, खुर्चीवरून टेबलावर गेले, तिथून त्यांनी कपाटाला मिठी मारली. शिपाई धावला, भूगोलाच्या बाई किंचाळल्या, आणि ठोसर जागचे न हलता बोटांवर मोजत होते. सगळे शांत झाल्यावर आदराने म्हणाले, "सर, अकरा झाली! मी आजवर तुम्हाला दोनच धरत होतो."

हे सगळे चालू असताना मुंबईहून पत्र आले. त्यांच्याबरोबर पूर्वी शेपटीखात्यात असलेला एक गृहस्थ आता मुलांसाठी चित्रपट काढणारी संस्था चालवत होता. त्याने लिहिले, तुझे काम दाखव, पसंत पडले तर मुंबईत मुलांच्या चित्रपटांचे सगळे खाते तुझ्याकडे देतो. आमच्या शाळेतच चित्रपट बघायला येतो. ठोसरांनी ते पत्र मला सात वेळा वाचून दाखवले. सातव्या वेळी म्हणाले, "गणितराव, सबंध उंदीर काढायला मिळेल आता."

घर कामाला लागले. पुरेशी चित्रे काढायला वेळ नव्हता, म्हणून एकेक चित्र पडद्यावर अर्धा सेकंद थांबेल असे ठरले. तरी सहाशे ऐंशीच्या आसपास चित्रे झाली. पातळ, आरपार दिसणारा कागद. प्रत्येकावर खाली मधोमध आकडा. ठोसर पेन्सिल, वहिनी शाई. आणि क्रम लावण्याचे काम माझ्याकडे, कारण आकडे हे माझे खाते. ठोसर सगळ्यांना सांगत, "गणितराव आहेत. क्रमाची चिंता नाही."

शाई वाळायला कागद दोऱ्यांवर टांगलेले असत. शेवटच्या दिवशी वहिनींनी सगळे उतरवले आणि गठ्ठा माझ्यापुढे ठेवला. क्रम अर्थातच विस्कटलेला. मी ओसरीवर बसून एकेक कागद घेऊ लागलो. आकडा उलटा दिसला की कागद परतवायचा, सुलटा करायचा, ढिगात ठेवायचा. बहुतेक सगळेच उलटे निघत होते. मधूनच एखादा सुलटा निघे, तेव्हा मी मनात म्हणे, चला, एवढा तरी वहिनींनी नीट ठेवला. संध्याकाळपर्यंत क्रम लागला. मी पुन्हा मोजला. एक आकडा कमी नाही, एक जास्त नाही, एकही दोनदा नाही. वहिनींनी मला त्या दिवशी खरवस दिला होता. मी तो क्रम लावण्याचे बक्षीस समजून खाल्ला.

दुसऱ्या दिवशी चित्रण. कॅमेरा वर बांधलेला, ठोसर स्टुलावर चढून त्याला डोळा लावून. मी कागद ठेवायचा, समोर बसलेल्या वहिनींनी त्यावर काच दाबायची, ठोसरांनी कॅमेऱ्याच्या बारा टिचक्या मोजायच्या आणि ओरडायचे, "पुढचं!" ठोसरांचे लक्ष टिचक्यांकडे. वहिनींना समोरून सगळे डोक्यावर उभे दिसत होते. मी फक्त आकडा बघत होतो. चित्राकडे बघणे माझे काम नव्हते.

रीळ धुवायला मुंबईला गेले आणि ते पाहुण्यांनीच येताना बरोबर आणले. म्हणजे आम्हीही ते पहिल्यांदाच बघणार होतो. शाळेचा हॉल भरला. पहिल्या रांगेत पाहुणे, हेडमास्तर, सासूबाई. चिंबोरी चिखलातून निघाली. पोरे खिदळली, मग गप्प झाली. ती चालत होती हो! खरोखर चालत होती. आधी पाय, मग डोळा. मागे दारात पाटी घेऊन उभी असलेली चांगुणाबाय मोठ्याने म्हणाली, "आता कशी!"

आणि मग चिंबोरी धक्क्याकडे चाललेली असताना एकदम लाँचमध्ये दिसली. छत्री डाव्या नांगीत. अर्ध्या सेकंदात परत चिखलात, छत्री उजवीकडे. हॉलमध्ये हशा झाला. पुढे ती मुंबईच्या पायऱ्या चढू लागली, तर मधेच आईच्या मिठीत जाऊन परत आली. ठोसर उभे राहिले. सगळ्यात वाईट शेवटी झाले. आई मुलीला ओळखते, पोटाशी घेते, त्याच क्षणाला त्या चिखलात मुंबईच्या पायऱ्या उगवल्या, मागे 'मुंबई' अशी पाटी, तीही उलटी. पोरे बाकांवर चढून हसत होती.

शिक्षकांच्या खोलीत चहा होता. वहिनी कपात ओतत होत्या. पाहुणे घड्याळाकडे बघत म्हणाले, "ठोसर, चित्रं सुरेख आहेत. पण ज्याला चित्रं क्रमानं लावता येत नाहीत, त्याच्या हाती मी खातं कसं देऊ?"

ठोसर कोणावर चिडले नाहीत. कोड्यात पडलेल्या मुलासारखे म्हणाले, "पण क्रम कोणी लावला होता?"

हेडमास्तर माझ्याकडे बघत होते. मला नोकरीत कायम करण्याचा कागद त्या आठवड्यात त्यांच्या टेबलावर होता. पण खोटे कशाला सांगू, मी बोललो ते भीतीने नव्हे. मला माझी खात्री होती. मी दोनदा मोजले होते. म्हणालो, "मी लावला तेव्हा एकूण एक आकडा जागेवर होता. नंतर गठ्ठा तुमच्या घरी होता."

आणि मी वहिनींकडे बघितले.

त्यांनी किटली खाली ठेवली नाही. चहाची धारही मोडली नाही. म्हणाल्या, "मीच लावली असतील. पडला होता वाटतं गठ्ठा."

'असतील'. मी गणिताचा मास्तर, व्याकरणाचा नव्हे. ज्याने केले तो 'लावली' म्हणतो. 'असतील' कोण म्हणतो, हे मला तेव्हा कळायला हवे होते.

पाहुणे गेले. कागदांचा गठ्ठा वहिनींनी बंबात घातला. "दोन दिवस आम्ही चिंबोरीच्या पाण्यानं आंघोळ केली," असे ठोसर लोकांना हसून सांगत. ते प्रत्येक गोष्ट हसूनच सांगत. "आमच्या घरात सातशेपर्यंत मोजायला येत नाही" हेही हसूनच, वहिनींसमोर. वहिनीही हसत. पण त्यांनी पुन्हा बोरू धरला नाही. ठोसरांना दुसरी चिंबोरी काढायची होती. पेन्सिलीची चित्रे तयार होती. "शाई लाव गं," म्हटले की वहिनी म्हणत, "नको. मला क्रम कळत नाही." ठोसरांनी स्वतः शाई लावून बघितली. चिंबोरीला आठ पायांऐवजी आठ शेपट्या आल्या. ती चित्रे ट्रंकेत गेली ती गेलीच.

पहिली चिंबोरी मात्र जगली. ठोसरांनी चुका काढून टाकल्या नाहीत. तंबूवाल्याचे जुने यंत्र आणि इंजिन मागून आणून ते सुट्टीत गावोगाव चित्रपट दाखवू लागले. स्वतः पडद्याशेजारी उभे राहून बोलत. चिंबोरी मधेच लाँचमध्ये दिसली की म्हणत, "तिकीट विसरली बघा, आली परत!" शेवटी चिखलात मुंबई उगवली की म्हणत, "मुंबई बघून आलेल्या माणसाच्या डोळ्यापुढून ती अशी जात नाही!" लोक पोट धरून हसत. ज्या चुकीने माणसाची मुंबई घालवली, तिच्यावर त्याने दहा गावे हसवली.

चारपाच वर्षांनी करंजाड्याच्या देवळापुढे असाच खेळ होता. करंजाडे तेव्हा भातखाचरांमधले लहानसे गाव. दोन पांढरी धोतरे जोडून शिवलेला पडदा बांबूंना बांधलेला. मी उशिरा पोचलो. पुढे जागा नव्हती, म्हणून पडद्याच्या मागच्या बाजूला गेलो. तिकडे बायका आणि पोरे बसत. वहिनीही तिथेच, एका दगडावर. मला शेजारची जागा दिली.

चित्रपटाच्या सुरुवातीला ठोसरांनी पाच ते एक असे आकडे टाकले होते. पुढची पोरे ओरडू लागली, "पाच! चार! तीन! दोन! एक!" आणि आमच्या बाजूची पोरे त्यांच्यावर कडी करून ओरडली, "पाच! चार! सहा! दोन! एक!"

मी हसलो. म्हटले, ही कोणाची पोरे, यांना उजळणी शिकवायला हवी. मग माझे हसू थांबले.

मागून पाच उलटा दिसला होता. चार शेपटामुळे उलटा कळला होता. दोन उलटा, एक उलटा. फक्त तीन उलटा दिसला नव्हता. तो सहा दिसला होता. चांगला, सुलटा, ठसठशीत सहा.

छत्तीसचा आकडा म्हणजे एकमेकांकडे पाठ फिरवलेले तीन आणि सहा, हे मी स्वतः पोरांना शिकवत असे. तिनाला परतवले की सहा होतो, सहाला परतवले की तीन. तेहेतीसचे सहासष्ट, तीनशे तेहेतीसचे सहाशे सहासष्ट. गठ्ठा सगळाच पालथा होता, आणि पातळ कागदातून आकडे मागूनही दिसत होते. जे आकडे उलटे दिसले ते मी सुलटे केले. आणि जे मधूनच 'नीट' निघत होते, नुसत्या तीन आणि सहा यांचे, ते चौदा कागद मी तसेच पालथे ठेवले होते. तिनाच्या जागी सहा, सहाच्या जागी तीन. एक कमी नाही, एक जास्त नाही, एकही दोनदा नाही. छत्तीस आणि त्रेसष्ट आपापल्या जागी राहिले, नुसते तोंड फिरवून. मी अंधारात बोटांवर मोजले. चौदा.

वहिनी पडद्याकडे बघत होत्या. हळूच म्हणाल्या, "मागून तिनाचा सहा दिसतो, भावोजी."

"तुम्हाला... केव्हापासून?"

"पहिल्या गावापासून. मी इकडंच बसते ना."

"मग तुम्ही ठोसरांना..."

"पुढं बघा. आई येईल आता."

आई आली. तिने पोरीला पोटाशी घेतले. चिखलात मुंबईच्या पायऱ्या उगवल्या. आमच्या बाजूने सबंध चित्रपटातल्या पाट्या उलट्या दिसत होत्या, मोऱ्याची, लाँचची, सगळ्या. फक्त अर्ध्या सेकंदापुरती 'मुंबई' ही पाटी सुलटी, स्वच्छ वाचता आली. माझे चौदा कागद तेवढे त्या बाजूने बरोबर होते.

खरे तर मी तिथेच उठून पडद्यापुढे जायला हवे होते. गेलो नाही. दुसऱ्या दिवशी सांगायचे ठरवले. दुसऱ्या दिवशी ठोसर भेटले, ते गाढी नदीच्या काठी एका बगळ्यामागे लागले होते. "बोलू नका, गणितराव, एकवीस झालीत!" मी बोललो नाही. मग मी उपमुख्याध्यापक झालो. मग म्हटले, गणिताच्या पुस्तकाचे काम होऊ दे. जे वाक्य अर्ध्या मिनिटात संपले असते, त्याला मी तीन पावसाळे लावले. त्या तीन वर्षांत मी सांगितले असते तर वहिनींनी बोरू पुन्हा उचलला असता, असे मला वाटते. ट्रंकेतली चित्रे अजून पिवळी पडली नव्हती.

एकोणीसशे साठनंतर काही वर्षांनी ठोसर निवृत्त झाले. मुलगी मुंबईला होती, तिच्याकडे कायमचे जायचे ठरले. सगळे म्हणाले, एसटीने जा. ठोसर म्हणाले, "छे! चिंबोरी जशी गेली तसंच जाणार." मी मोऱ्यापर्यंत पोचवायला गेलो. एसटीत सबंध वाट मी मनात वाक्य जुळवत होतो. धक्क्यावर ट्रंक उतरवली. ती मीच उचलली होती आणि तिच्यात काय आहे ते मला माहीत होते. सुकत घातलेल्या मासळीजवळ चांगुणाबाय भेटली. म्हातारी झाली होती. तिने वहिनींच्या हातात झाकलेली टोपली दिली. "चिंबोऱ्या हायेत. मास्तराला आता तरी रस्सा करून घाला. चित्र काडू देव नका."

दोघे लाँचमध्ये चढले. दोर सोडला. मधे हातभर पाणी पडले, मग दोन हात. ठोसर कठड्याशी उभे, उजव्या हातात छत्री. मी तोंड उघडले. तेवढ्यात त्यांनी माझ्याकडे बघून डोळा मिचकावला, छत्री झटकन डाव्या हातात घेतली, चार पावले तिरकी टाकली, आणि परत छत्री उजव्या हातात. अर्धा सेकंद. लाँचमधली माणसे हसली. वहिनींना हसवायला केले होते ते. आयुष्यभर ते ती चूक बायकोची समजून तिच्यावर प्रेमाने हसत होते.

वहिनी हसल्या. मग त्यांनी धक्क्याकडे, माझ्याकडे बघितले. वाट बघितल्यासारखे.

पाणी अजून फार नव्हते. हाक सहज पोचली असती. वाक्य तयार होते, एसटीत बसून पाठ केलेले: "ठोसर, क्रम मी चुकवला. वहिनींनी नाही. वहिनी, मला क्षमा करा."

मी हात वर केला आणि ओरडलो, "पोचल्याचं पत्र टाका!"